बँकेच्या लिलावातलं घर घ्यायचं तर जाहिरातीत नेमकं काय वाचायचं?

मीनल_स

पेपरच्या मधल्या पानांवर ‘स्थावर मालमत्तेच्या विक्रीकरिता ई-लिलाव सूचना’ अशा मथळ्याखाली जे मुंगीच्या टायपात छापलेलं असतं, ते मी हल्ली बातम्यांच्या आधी वाचते. घर घ्यायचंय आणि बिल्डरांचे दर ऐकून तोंडाला फेस आलाय, एवढंच कारण.

वाकडचा एक दोन बेडरूमचा फ्लॅट त्यात दिसला. राखीव किंमत ४६ लाख, म्हणजे त्याखाली बोली नाही. त्याच इमारतीत दलाल ५८-६० च्या खाली बोलायला तयार नाहीत. नवऱ्याचं म्हणणं, एवढं स्वस्त आहे म्हणजे कुठेतरी पाणी मुरतंय. सासूबाईंचं म्हणणं, कुणाच्या तळतळाटाचं घर नको. माझं अजून काहीच ठरलेलं नाही, म्हणून हा धागा.

प्रश्न असे. हे घर कोर्टाने विकायला काढलेलं असतं की बँकेने परस्पर? आपण पैसे भरले आणि मूळ मालक उद्या थकबाकी घेऊन उभा राहिला तर? गृहकर्ज मिळतं का? ज्यांनी अशी खरेदी केलीय किंवा जे टेबलाच्या पलीकडे बसलेत त्यांनी लिहा. ‘वकिलाचा सल्ला घ्या’ एवढंच लिहिणार असाल तर राहू द्या, तो घेणारच आहे.

तिरकस

सासूबाईंशी सहमत. बाकी वाचतो आहे.

वसुली_विभाग

बँकेच्या वसुली खात्यात नोकरी झाली, आता निवृत्त आहे. टेबलाच्या पलीकडचा म्हणून लिहितो.

आधी जाहिरातीतले दोन शब्द शोधा. ‘प्राधिकृत अधिकारी’ आणि ‘कलम १३(४)’ असं असेल तर तो सरफेसी कायद्याखालचा लिलाव, २००२ चा कायदा. यात कोर्टाचा हुकूम लागत नाही. घर बँकेकडे गहाण आहे, कर्ज थकलं, की बँक आपल्याच अधिकाऱ्यामार्फत विकते. ‘वसुली अधिकारी’ आणि ‘वसुली प्रमाणपत्र’ असेल तर बहुतेक डीआरटीचा, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणाचा. तिथे २० लाख आणि त्यावरच्या येण्याचे दावे चालतात. आणि ‘दरखास्त क्रमांक’ (दरखास्त म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दिसला तर तो खरा दिवाणी कोर्टाचा लिलाव.

पेपरात दिसणारे बहुतेक पहिल्या जातीचे. गाडी कशी चालते ते थोडक्यात: हप्ता ९० दिवसांहून जास्त थकला की खातं एनपीए, म्हणजे अनुत्पादक. मग कलम १३(२) ची नोटीस, ६० दिवसांत सगळे पैसे भरा. कर्जदाराने हरकत लिहून दिली तर बँकेने १५ दिवसांत उत्तर द्यायचं. ६० दिवस उलटले की ताबा, त्याची दोन पेपरांत जाहिरात, त्यातला एक स्थानिक भाषेतला. मग मूल्यांकन, राखीव किंमत, ३० दिवसांची विक्री नोटीस आणि लिलाव. पहिल्या खेपेला गिऱ्हाईक आलं नाही तर पुढच्या वेळी १५ दिवसांची नोटीस पुरते, आणि तेव्हा किंमत बहुधा उतरलेली असते. त्यामुळे हा लिलाव कितवा आहे ते आधी विचारा. तिसरा-चौथा असेल तर आधीच्या लोकांनी काय पाहून पाठ फिरवली तेही शोधा.

तिरकस

म्हणजे बँकच फिर्यादी, बँकच न्यायाधीश आणि बँकच बेलिफ. छान आहे.

वसुली_विभाग

@तिरकस, हाच मुद्दा घेऊन मंडळी सुप्रीम कोर्टात गेली होती. मार्डिया केमिकल्सचा निकाल, २००४. कायदा टिकला, पण कर्जदाराला दाद मागायची तर आधी ७५ टक्के रक्कम भरा अशी जी अट होती ती कोर्टाने उडवली. आता ताबा घेतल्यापासून ४५ दिवसांत डीआरटीत कलम १७ चा अर्ज करता येतो, रक्कम न भरता. त्यावरच्या अपिलाला मात्र निम्मी रक्कम भरावी लागते, फार तर २५ टक्क्यांपर्यंत कमी करून मिळते. दिवाणी कोर्टात जायची वाट कलम ३४ ने बंद आहे.

जुना_नाझर

कोर्टाच्या लिलावाबद्दल मी लिहितो. जिल्हा न्यायालयात नाझर, म्हणजे बेलिफांचं आणि जप्ती-लिलावाचं काम बघणारा, म्हणून काम केलंय, लिलाव पुकारलेले आहेत.

लोकांना वाटतं कोर्टाचा हुकूमनामा झाला की दुसऱ्या दिवशी घर विकलं. तसं नसतं. हुकूमनामा मिळाल्यावर बँकेला दरखास्त लावावी लागते. मग जप्तीचा हुकूम निघतो, बेलिफ जागेवर जातो, दवंडी पिटतो, हुकमाची प्रत घरावर चिकटवतो. कोर्टाच्या फलकावर एक, शेतजमीन असेल तर ग्रामपंचायतीत एक. दवंडी आजही कायद्यात आहे. आमच्याकडे एक बेलिफ डबा वाजवायचे, पत्र्याचा. पंचनाम्यात मात्र ‘दवंडी दिली’ असंच जायचं.

त्यानंतर विक्रीचा जाहीरनामा. त्याच्या अटी ठरवताना ऋणकोला बोलावतात, त्याला किंमत काय वाटते तेही लिहून घेतात. इथे दहातले नऊ ऋणको येतच नाहीत. आणि मग लिलाव झाल्यावर ‘मातीमोल भावात विकलं’ म्हणून अर्ज घेऊन येतात. तोवर वरातीमागून घोडं. विक्री रद्द करायची तर नुसता भाव कमी आला हे पुरत नाही, जाहीर करण्यात किंवा विक्रीत मोठी अनियमितता किंवा लबाडी झाली आणि त्यामुळे खरं नुकसान झालं हे दाखवावं लागतं.

दुसरं, थोड्या मालमत्तेत येणं फिटत असेल तर सगळी विकता येत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश २१, नियम ६४. गटाचा एक तुकडा विकून भागणार असेल तर अख्खा गट पुकारायचा नाही. हे सांगायलासुद्धा माणूस हजर लागतो.

बोली झाली, एकवार, दोनवार, तीनवार झालं, की घेणाऱ्याने तिथल्या तिथे २५ टक्के भरायचे आणि उरलेले १५ दिवसांत. इथे एक दिवसाचीही सवलत नाही, न्यायाधीशांना वाटलं तरी मुदत वाढवता येत नाही. चुकलात की फेरलिलाव.

मीनलताई, आता तुमचा प्रश्न, मूळ मालक पैसे घेऊन उभा राहिला तर. कोर्टाच्या लिलावात त्याला विक्रीनंतर ६० दिवस मिळतात. जाहीरनाम्यातली रक्कम भरायची आणि शिवाय खरेदीदाराला त्याच्या बोलीच्या ५ टक्के द्यायचे, की विक्री रद्द. घेणाऱ्याला त्याचे पैसे परत आणि वर हे ५ टक्के. विक्री कायम झाली, दाखला निघाला, की मग विषय संपला.

मीनल_स

नाझरकाका, खूप आभार. म्हणजे बोली जिंकूनही दोन महिने जीव टांगणीला! डीआरटी आणि सरफेसीतही असंच का?

वसुली_विभाग

डीआरटीच्या वसुलीला आयकर कायद्यातले वसुलीचे नियम लावतात, तिथे ही मुदत ३० दिवसांची. तिथेही ५ टक्के.

सरफेसीत उलटं आहे आणि बहुतेक कर्जदारांना हे ठाऊक नसतं. पूर्वी विक्री होईपर्यंत पैसे भरून मालमत्ता सोडवता यायची. २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होईपर्यंतच तो हक्क. पेपरात छापून आलं की दार बंद. यावर गाजलेला निकाल बाफना मोटर्सचा, सप्टेंबर २०२३. लिलावात सुमारे १०५ कोटींची बोली लागली होती, कर्जदार मागाहून १२९ कोटी द्यायला तयार झाला. मुंबई उच्च न्यायालयाने त्याला परवानगी दिली. सुप्रीम कोर्टाने ती फिरवली आणि लिलावात घेणाऱ्याच्या बाजूने निकाल दिला. २४ कोटी जास्त मिळत असूनही.

तेव्हा मीनलताई, घेणाऱ्याच्या दृष्टीने मूळ मालक परत येण्याची भीती सरफेसीत सगळ्यात कमी. भीती वेगळीकडे आहे. जाहिरातीत ‘ताबा’ हा रकाना असतो. त्यात काय लिहिलंय?

मीनल_स

जसंच्या तसं टाइप करते:

‘ताबा: सांकेतिक. बँकेस ज्ञात असलेले बोजे: निरंक. सदर मालमत्ता जसे आहे जेथे आहे, जसे आहे जे आहे आणि जे काही आहे तेथे आहे या तत्त्वावर विकण्यात येईल.’

शेवटचं वाक्य मी तीनदा वाचलं.

तिरकस

जे काही आहे तेथे आहे. एखाद्या संताने लिहिलंय का हे?

वसुली_विभाग

सगळं दुखणं पहिल्या दोन शब्दांत आहे. सांकेतिक ताबा म्हणजे बँकेच्या माणसाने दारावर नोटीस डकवली, फोटो काढला आणि परत आला. आत माणसं राहताहेत. प्रत्यक्ष ताबा हवा तर बँकेने कलम १४ खाली जिल्हाधिकारी किंवा मुख्य न्यायदंडाधिकारी यांच्याकडे अर्ज करायचा. कायद्यात हुकमाला ३० दिवस, कारण नोंदवून ६० पर्यंत. हुकूम निघाला तरी तहसीलदार, पोलीस बंदोबस्त, तारीख, मधे गणपती किंवा निवडणूक. पैसे भरलेले आणि किल्ली नाही, अशा अवस्थेत लोक वर्ष काढतात. तुमचे १२-१४ लाख जे वाचताहेत ना, ते या कामाची मजुरी आहेत. बँकेने न केलेलं काम तुमच्या गळ्यात.

प्रत्यक्ष ताब्यातलं घर बाजारभावाच्या फार खाली जात नाही, कारण तिथे बोलीदार जास्त असतात. पहिल्यांदा घेणाऱ्याने फक्त तेच बघावं असं माझं स्पष्ट मत आहे.

आता पैशाचं गणित. बयाणा बहुधा राखीव किमतीच्या १० टक्के, म्हणजे ४ लाख ६० हजार, लिलावाआधीच भरायचा. समजा ५२ लाखांना सुटलं. एकूण २५ टक्के म्हणजे १३ लाख त्याच दिवशी, फार तर पुढच्या कामाच्या दिवशी. बयाणा वजा जाता ८ लाख ४० हजार एका रात्रीत उभे करायचे. उरलेले ३९ लाख विक्री मंजूर झाल्यापासून १५ दिवसांत. बँकेने लेखी मान्य केलं तर मुदत वाढते, पण तीन महिन्यांपलीकडे नाही. चुकलं तर भरलेलं सगळं जप्त. सुप्रीम कोर्टाने फेब्रुवारी २०२४ मध्ये हे पक्कं केलंय, जप्ती पूर्ण २५ टक्क्यांची होऊ शकते. किंमत ५० लाखांवर गेली तर १ टक्का टीडीएस कापून भरायचा, ५२ लाखांवर ५२ हजार, आणि तो तुम्हीच भरायचा असतो हे लोक विसरतात. मुद्रांक शुल्क वेगळं.

गृहकर्ज मिळतं, पण १५ दिवसांत मिळवायचं तर बोलीच्या आधी मंजुरीपत्र हातात हवं. काही ठिकाणी लिलाव करणारी बँकच देते. सांकेतिक ताब्याच्या घरावर मात्र बहुतेक जण हात आखडता घेतात. त्यावरूनच काय ते समजा, खुद्द बँकांना बँकांची घरं नको असतात.

इंडेक्सटू

वकील आहे, ज्या सल्ल्याला मीनलताईंनी दारातच अडवलंय तो फुकट देतो.

‘बोजे निरंक’ या शब्दांवर भिस्त ठेवू नका. अर्थ इतकाच की बँकेला माहीत नाहीत. चार ठिकाणी स्वतः जा. सोसायटीच्या सेक्रेटरीकडे, देखभाल शुल्काची थकबाकी किती आणि त्यावरचं व्याज किती. कर्ज थकवणाऱ्याने सोसायटी नियमित भरली असेल असं शक्यतो होत नाही. महापालिकेकडे मिळकतकर. महावितरणकडे वीजबिल. दुय्यम निबंधकाकडे इंडेक्स टूचा, म्हणजे नोंदणी झालेल्या दस्तांच्या सूचीचा शोध, किमान ३० वर्षांचा. पाचवं, घरबसल्या, सेरसाईच्या, म्हणजे गहाणांच्या केंद्रीय नोंदवहीच्या पोर्टलवर शोध घ्या. एकाच फ्लॅटवर दोन बँकांनी कर्ज दिल्याची उदाहरणं काल्पनिक नाहीत.

विजेबद्दल सुप्रीम कोर्टाचा २०२३ चा निकाल आहे, के. सी. निनान. ‘जसे आहे जेथे आहे’ तत्त्वावर घेणाऱ्याकडून जुन्या ग्राहकाची बाकी मागता येते, नियमात तशी तरतूद असेल तर. महाराष्ट्रात वीज नियामक आयोगाच्या पुरवठा संहितेत नव्या मालकावर येणारा हा बोजा जास्तीत जास्त सहा महिन्यांच्या थकबाकीपुरता आहे, वारसांना ही सवलत नाही. फ्लॅटला फारसा फरक पडत नाही, गाळा किंवा कारखाना घेणाऱ्याला पडतो.

विक्रीकर, जीएसटी खात्याचा बोजा सातबाऱ्यावर किंवा मिळकत पत्रिकेवर असेल तर जळगाव जनता सहकारी बँकेच्या खटल्यातला मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाचा ऑगस्ट २०२२ चा निकाल वाचा. बँकेने आपलं गहाण सेरसाईत नोंदवलं असेल तरच तिचा हक्क सरकारी करांच्या पुढे. नोंद नसेल तर खातं तुमच्या दारात येऊ शकतं.

आणि आत कोण राहतंय? मालक असेल तर तो कधी ना कधी निघतो. गहाणाच्या आधीपासूनचा, कागदोपत्री सिद्ध होणारा भाडेकरू असेल तर भाडे नियंत्रण कायद्याचं संरक्षण त्याला सरफेसीतही आहे, २०१६ चा कल्सारिया निकाल. तोंडी ‘मी भाडेकरू’ म्हणणाऱ्यांचा सुळसुळाट झाला म्हणून २०१९ मध्ये कोर्टाने तोही सैल दोर आवळला.

पागोळी

वाचत होते, लिहावं की नाही ठरत नव्हतं.

आमचं घर असं गेलं. वडिलांचा छोटा प्रेसचा धंदा होता, धंद्याच्या कॅश क्रेडिट कर्जाला राहतं घर तारण. कुठल्या बँकेचं ते लिहीत नाही. नोटिसा आल्या नव्हत्या असं नाही. वडील त्या न फोडता टीव्हीखालच्या खणात ठेवायचे, आईला कळू नये म्हणून. ६० दिवस त्या खणात गेले. ४५ दिवससुद्धा. जेव्हा आम्हा भावंडांना समजलं तेव्हा पेपरात छापून आलं होतं. वर लिहिलंय तसं, दार बंद. भावाने जुळवाजुळव केली होती, बँक म्हणाली आता लिलावात बोली लावा.

ताब्याच्या दिवशी कोर्ट कमिशनर म्हणून एक तरुण वकील आले होते. सामानाची यादी करायची असते. ते एकेक बोलत होते आणि कारकून लिहीत होता. गॅस शेगडी एक, लोखंडी कपाट दोन, पाण्याचा पिंप एक, देवघर एक. कारकुनाने विचारलं, साहेब, देवांसह लिहू का? आई म्हणाली, देव मी घेऊन जाते, रिकामं लिही.

मीनलताई, तुम्ही घर घेऊ नका असं मी म्हणत नाही. आमचं ज्यांनी घेतलं त्यांच्याबद्दल मनात काही नाही. त्यांनी घेतलं नसतं तर पुढच्या खेपेला आणखी खाली गेलं असतं आणि वडिलांच्या डोक्यावर उरलेलं कर्ज वाढलं असतं. तळतळाट असलाच तर त्या खणाला.

मीनल_स

पागोळीताई, काय लिहू कळत नाही. हे सासूबाईंना वाचून दाखवलं. गप्प बसल्या, आणि मग म्हणाल्या, त्यांची आई आता कुठे असते?

पागोळी

भावाकडे. बरी आहे. देवही आहेत.

वसुली_विभाग

पागोळीताईंनी कळीचं सांगितलं. कर्जदाराला वाटतं लिलावाच्या दिवशी घर जातं, घेणाऱ्याला वाटतं लिलावाच्या दिवशी घर मिळतं. दोघंही चुकीच्या तारखेकडे डोळे लावून बसतात. सगळं त्याआधीच्या पाकिटांत ठरून गेलेलं असतं. माझ्या टेबलावर १३(२) ला उत्तर देणारे फार थोडे यायचे. जे यायचे त्यातल्या बऱ्याच जणांचं ओटीएसमध्ये, म्हणजे एकरकमी परतफेडीत मिटायचं. ओटीएस हा हक्क नाही, बँकेने द्यायलाच हवी असं कोर्टालाही म्हणता येत नाही, हे खरं. पण जाहिरात निघण्याआधी बँकेलाही मिटवायचंच असतं. छापून आल्यावर अधिकाऱ्याला स्वतःच्या कातडीची काळजी लागते, मिटवलं तर उद्या चौकशी.

आणि उरलेल्या कर्जाचं त्या म्हणाल्या ते बरोबर. लिलावात जास्त आलं तर वरचे पैसे कर्जदाराचे, कमी आलं तर उरलेल्यासाठी बँक डीआरटीत जाते. घर गेलं म्हणजे कर्ज फिटलं असं नाही.

जुना_नाझर

एक बारीक गोष्ट राहिली. दिवाणी कोर्टाच्या जप्तीत अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, कारागिराची हत्यारं यांना हात लावता येत नाही. ज्या दागिन्यावाचून बाईला धर्माप्रमाणे राहता येत नाही, म्हणजे मंगळसूत्र, तेही नाही. कलम ६०. शेतकऱ्याचं किंवा मजुराचं राहतं घरही जप्तीतून सुटतं, पण ते स्वतःच गहाण ठेवलं असेल तर गहाणाचा हुकूमनामा लागू होतो. एका गावात धनको बँकेचा माणूस शिवणयंत्र उचलायला लागला होता, बेलिफाने त्याला अंगणातून बाहेर काढलं.

कोरडवाहू

शहरातल्या फ्लॅटची चर्चा चाललीय, गावाकडचं पण सांगतो.

शेतजमिनीला सरफेसी लागत नाही, कलम ३१. पण जमीन खरंच शेतीची हवी, सातबाऱ्यावर पीक आणि जागेवर गोदाम असं असेल तर कोर्ट ऐकत नाही. म्हणून कुणी खुशीत बसू नये, कारण आमच्याकडे पतसंस्था आणि सोसायट्या. त्या सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली वसुलीचा दाखला आणतात. उपनिबंधकाकडे सुनावणी असते, तिथेही कुणी जात नाही. दाखला मिळाला की संस्थेचाच वसुली अधिकारी नियम १०७ प्रमाणे जप्ती आणि लिलाव करतो, आणि त्याला शेतजमीन चालते. वर दाद मागायची तर रिव्हिजनला निम्मी रक्कम भरा.

सहकारी बँकांना दोन्ही रस्ते उघडे. त्यांना सरफेसी लागतो का यावर बरीच वर्षं भांडण होतं, ते मे २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने मिटवलं, आणि तो खटला आपल्या मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेचा. कोल्हापूरकडच्यांना माहीत असेल.

आता गावातला लिलाव. तारखेला वसुली अधिकारी येतो, चावडीपाशी टेबल मांडतो, सगळं गाव जमतं आणि एक माणूस बोली लावत नाही. भाऊबंदाच्या रानावर बोली लावली तर उद्या बांधाला बांध लागून आहे, पाण्याची पाळी आहे, लग्नकार्य आहे. बाहेरचा आला तर त्याला चहा पाजून सांगतात की या विहिरीला पाणी नाही. आमच्या इथे एकाने तर सांगितलं होतं की या रानात भूत आहे, आणि पाव्हणा खरंच निघून गेला.

त्यामुळे जमीन वाचते असं मात्र नाही. विकली गेली नाही तर कलम १०० खाली ती संस्थेच्याच नावावर चढवतात. सातबाऱ्यावर संस्थेचं नाव, नांगर जुन्याच मालकाचा, अशी रानं आमच्या तालुक्यात आहेत.

घोंगडी

हा विषय महाराष्ट्राला जुना आहे. १२ मे १८७५ ला सुप्याच्या आठवडी बाजारात लोक सावकारांच्या दुकानांवर तुटून पडले आणि त्यांनी आधी काय जाळलं, तर कर्जखतं आणि वह्या. इंग्रजी कोर्टं एकतर्फी हुकूमनामे देत होती आणि घरंदारं, जमिनी पुकारल्या जात होत्या. त्यातून १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांसाठीचा कायदा आला. खास गहाण लिहून दिलेली नसेल तर शेतकऱ्याची जमीन साध्या पैशाच्या हुकूमनाम्यात विकता येणार नाही, ही तरतूद त्यातली. कोरडवाहूंचं बोली न लावणारं गाव वाचून सुपं आठवलं.

तिरकस

तेव्हा वह्या तरी जाळता यायच्या. आता सर्व्हर जाळायला कुठे जाणार?

मीनल_स

अपडेट देते. शनिवारी इमारतीत जाऊन आलो. सेक्रेटरींनी बसवून घेतलं, थकबाकीचा आकडा लिहून दिला, तो आमच्या अंदाजाच्या बराच वर होता. फ्लॅटमध्ये मालक नाही, त्याचे कोणी नातेवाईक राहतात आणि त्यांचं म्हणणं आहे की ते भाडेकरू आहेत. करारपत्र विचारलं तर ‘घरातलेच आहोत, कशाला करार’. बँकेच्या अधिकाऱ्याला फोन केला, कलम १४ चा अर्ज झालाय का? तो म्हणाला, ‘मॅडम, तुम्ही घ्या, मग करू.’

नाही घेत. प्रत्यक्ष ताब्याचं बघायचं ठरवलंय. बँकनेटच्या साइटवर ताब्याप्रमाणे गाळून बघता येतं का, कुणाला माहीत आहे?

वसुली_विभाग

‘मग करू’ हे ऐकून हसू आलं. असं मीही कितीकांना सांगितलं असेल!

साइटवर सरकारी बँकांच्या मालमत्ता एकत्र दिसतात, प्रत्येकीच्या तपशिलात ताब्याचा प्रकार असतो. तरी तिथल्या माहितीवर न थांबता शाखेत जाऊन ताबा पंचनाम्याची प्रत मागा. आणि घर आतून पाहण्याची तारीख जाहिरातीत दिलेली असते. त्या दिवशी कुलूप बँकेच्या माणसाने उघडलं तर ताबा खरा.

खिडकीपाशी

उशिरा येतोय. मामेभावाच्या कर्जाला मी जामीन आहे. मलाही १३(२) ची नोटीस आलीय. माझं घर जाईल का? त्याने आधी भरावं आणि मग माझ्याकडे यावं असं सांगता येतं का?

इंडेक्सटू

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी: नाही. जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच, करार कायदा कलम १२८. बँक तुमच्याकडे आधी येऊ शकते.

पहिला प्रश्न कागदावर अवलंबून. तुम्ही नुसती जामीनपत्रावर सही केलीय की स्वतःचं घरही गहाण दिलंय? गहाण दिलं असेल तर सरफेसी लागू. नुसती सही असेल तर त्या कायद्याखाली तुमच्या घराला हात लावता येत नाही, बँकेला डीआरटीत किंवा दिवाणी कोर्टात जावं लागेल. नोटिशीच्या मागे मालमत्तेचं परिशिष्ट असतं, त्यात तुमचा पत्ता आहे का बघा.

दोन्हीपैकी काहीही असो, उत्तर लेखी द्या, रजिस्टर पोस्टाने, पोचपावतीसह. खात्याचा उतारा मागा, एनपीएची तारीख आणि व्याजाची आकारणी तपासा. मामेभावाला घेऊन शाखेत जा, ओटीएसचं आत्ताच बोला. नोटीस हातात कधी पडली?

खिडकीपाशी

मागच्या आठवड्यात. परिशिष्टात माझा फ्लॅट नाही, फक्त त्याचा गाळा आहे.

इंडेक्सटू

मग जरा श्वास घ्या. पण उत्तर पाठवाच. आणि नोटिशीचं पाकीट टाकून देऊ नका, त्यावरचा पोस्टाचा शिक्का पुढे लागेल.